गवताची रजा

सेल्वा, कार्निया, इटली
रविवार, १२ जानेवारी २००३

प्रिय निवेस,

म्हाताऱ्याचा आशीर्वाद घे. ब्रुनोलाही माझा आशीर्वाद सांग, पण हे पत्र वाचून झाल्यावर. आधी सांगितलंस तर तुझा नवरा खांद्यावरून डोकावत बसेल, आणि यात थोडी त्याचीच चुगली आहे.

माझं झकास चाललंय. गुडघे कुरकुरतात. डावा कान गेला तो गेलाच, उजवा त्याच्या मर्जीप्रमाणे ऐकतो. म्हणून तर मला फोन नको असतो. परवा तू काय विचारत होतीस ते मला शेवटपर्यंत कळलं नाही, मी आपला बटाट्यांबद्दल सांगत सुटलो. हलीना बाजूला उभी राहून हसत होती. या युक्रेनियन बाईला दोन वर्षांपूर्वी तूच माझ्या गळ्यात बांधलंस. तशी वाईट नाही, मक्याच्या पिठाची पोलेंता छान घोटते, पण मीठ घालू देत नाही. "आजोबा, डॉक्टरांनी मना केलंय," म्हणते. मी म्हटलं, "तो डॉक्टर चाळीस वर्षांचा पोरगा, त्याला मिठातलं काय कळतंय?" तर म्हणते कशी, "तुम्ही गेलात तर माझी नोकरी जाईल. खा गुपचूप." आहे की नाही फटकळ? मला अशीच माणसं लागतात. तुझी आई गेल्यापासून या घरात माझ्यावर कुणी ओरडतच नव्हतं.

गावात माझ्या वाढदिवसाची धामधूम आत्तापासून सुरू आहे. पंधरा फेब्रुवारीला मला एकशेचार पूर्ण होतील, म्हणजे सरपंचबाईंना भाषण करता येईल. पहाडी पलटणीतले जुने लोक येऊन गाणी म्हणणार आहेत. माझ्या टोपीच्या पिसाला कसर लागली होती, त्यांनी नवं पीस पाठवलंय. पहिल्या लढाईचं ते बिल्ल्याचं नाइटपदही छातीवर लावून या म्हणतात. नाइट म्हणजे सरदारच की. सरदार करून पस्तीस वर्षं झाली, घोडा अजून कुणी दिलेला नाही.

आता मुद्द्याचं. ब्रुनोनं मला पत्र लिहिलंय. त्याच्यावर चिडू नकोस. लादी बसवण्यात जन्म गेलेल्या माणसानं चार पानं लिहिली, तीही मला दिसतील एवढ्या मोठ्या अक्षरांत, म्हणजे तो किती घाबरला असेल बघ. तो लिहितो, नोव्हेंबरात तुझ्या छातीचा फोटो काढला त्यात डाव्या बाजूला सावली दिसली. सुईनं तुकडा काढून तपासायचा आहे. डॉक्टरांनी दोनदा तारीख दिली आणि दोन्ही वेळा तू गेली नाहीस. एकदा नातीचं नाटक होतं आणि एकदा पडदे धुवायचे होते. पडदे! आणि ब्रुनोनं फारच मागे लागून विचारलं तर म्हणालीस, "आमच्या घरात नव्वदीच्या आत कुणी जात नाही. माझ्या बापाला एकशेचारावं लागलंय. त्याचं रक्त आहे माझ्यात, मला काय होणार?"

अगं बाई, कसलं रक्त आणि कसलं काय! देरेआनींच्या रक्ताचं एवढं कौतुक तुला कुणी सांगितलं? माझा बाप एक्कावन्नाव्या वर्षी ऑस्ट्रियात भिंत बांधता बांधता खाली बसला तो उठलाच नाही. भाऊ सान्ते तेहेतिसाव्या वर्षी गेला. माझी आई एकोणसाठाव्या. माझ्याआधी या घरात साठी कुणी पाहिली नव्हती. मी जगलो तो रक्तामुळे नाही. सतरा सालच्या डिसेंबरात ग्राप्पाच्या डोंगरावर आम्ही सहाजण एका खड्ड्यात बसलो होतो. माझं पोट बिघडलेलं, मी खडकामागे गेलो, आणि मागे गोळा पडला. परत आलो तर खड्डा होता तिथं दुसराच खड्डा. मला एकोणीसही पूर्ण नव्हती. तेव्हा माझ्या दीर्घायुष्याचं गुपित म्हणशील तर ते पोटबिघाड आहे. वर्तमानपत्रवाल्यांना हे सांगितलं तर ते छापत नाहीत.

दुसऱ्या लढाईतही तेच. चाळिशी उलटली होती, पण खेचरांची समज असलेली माणसं कमी, म्हणून पुन्हा बोलावलं. अल्बानियाच्या बर्फात मी झोपी गेलो असतो तो कायमचाच. माझं खेचर भुकेनं माझी बाही चावायला लागलं म्हणून जागा झालो. त्यानंतरच्या जर्मनांच्या छावणीबद्दल तुला माहीत आहेच. दर महिन्याला टेबलावर पाव ठेवायचे आणि शेजारी कागद. आमच्या बाजूनं लढतो अशी सही करा आणि पाव घ्या. मी दोन्ही हात खिशात घालून उभा राहायचो. लोक याला शौर्य म्हणतात. मला खरंच लढायचा कंटाळा आला होता गं.

यातलं रक्तानं काय केलं, सांग बरं? एकदा पोट, एकदा खेचर, एकदा कंटाळा. तेव्हा तू मुकाट्यानं जा आणि ती सुई टोचून घे. तुला एवढं कारण पुरेसं आहे. आणखीही एक कारण आहे, पण ते... असू दे. हात दुखायला लागला.

पंधराला येशील तेव्हा डॉक्टर काय म्हणाले ते माझ्या उजव्या कानात ओरडून सांग.

तुझा,
पापा


सेल्वा
रविवार, २३ फेब्रुवारी २००३

प्रिय निवेस,

आशीर्वाद. नीट पोचलात म्हणे, ब्रुनोनं हलीनाला फोनवर सांगितलं.

वाढदिवस फार सुंदर झाला. मी तोंडानं कबूल केलं नाही, पण मला मजा आली. तू केलेल्या फ्रिकोची चव अजून जिभेवर आहे, चीज आणि बटाटा एवढा कुरकुरीत तुझ्या आईनंतर तूच करतेस. पलटणीचे म्हातारे सुरात गायले नाहीत, पण जोरात गायले, म्हणून मला ऐकू आले. आणि एकोणसाठीला टेकलेली बाई सरपंचबाईंच्या नवऱ्याबरोबर तीन नाच नाचते, हे बघायला मिळालं, याबद्दल देवाचे आभार.

पण तू सुई टोचून घेतलेली नाहीस. तिसरी तारीखही सोडून आलीस, आणि मी विचारलं तर माझ्या गालाला चिमटा काढून म्हणालीस, "पापा, तुमच्या बापाचं, भावाचं मला नका सांगू. तुम्ही आहात ना?" आणि मग तो वर्तमानपत्रवाला आला. एकशेचार वर्षांचं गुपित काय, त्यानं विचारलं. मी म्हटलं, पोलेंता आणि तोंड बंद. सगळे हसले. तू माझ्या खुर्चीमागून गळ्यात हात टाकलास आणि त्याला म्हणालीस, "गुपितबिपीत काही नाही, रक्त आहे ते! मीही शंभरी गाठणार, लिहून घ्या." त्यानं लिहून घेतलं. शनिवारी छापूनही आलं, फोटोसकट. तू हसते आहेस आणि मी तोंडात मारल्यासारखा बसलो आहे.

तू तीन दिवस इथं होतीस. तीन दिवस तू माझ्या समोर बसून जेवलीस. दोन लढाया पाहिलेला माणूस मी, आणि मला तुझ्या तोंडाकडे बघून एक वाक्य बोलता आलं नाही. तू गेल्यापासून मी कागद फाडतो आहे. आज सकाळी हलीनानं टोपली माझ्यापुढे आदळली. "आजोबा, हे सात झाले. लिहा एकदाचं, नाहीतर मला सांगा, मी लिहिते." मी म्हटलं, "तुझं इटालियन वाचून माझी मुलगी घाबरेल." ती म्हणाली, "तुमच्या गप्प बसण्याला ती घाबरत नाही हेच तर चुकतंय." आता ती दूध आणायला गेली आहे. ती येईपर्यंत मला लिहून टाकायचंय.

बस. ब्रुनोला शेजारी बसव. यावेळी त्याला वाचू दे.

त्रेचाळीसच्या जुलैत मला पंधरा दिवसांची गवताची रजा मिळाली. डोंगरातल्या शिपायांना कापणीपुरती देत असत. घरी आलो, तुझ्या आईबरोबर वरच्या उतारावर गवत कापलं, वाळवलं, कोठारात भरलं आणि परत गेलो. आमच्या लग्नाला तेव्हा सोळा वर्षं झाली होती आणि घरात मूल नव्हतं. त्याबद्दल आम्ही बोलणं सोडून दिलं होतं. सप्टेंबरात इटलीनं शस्त्रं टाकली तसं जर्मनांनी आम्हाला बराकीतच धरलं आणि मालगाडीत कोंबून नेलं. पुढच्या दोन वर्षांत मला तुझ्या आईची, ओलिवाची, दोन कार्डं मिळाली. दोन्हींवर एकच मजकूर. मी बरी आहे, तुम्ही खाता ना?

पंचेचाळीसच्या ऑगस्टमध्ये मी परत आलो. तोल्मेत्सोहून चालत आलो, कारण गाड्या नव्हत्या. भर दुपारची वेळ, सगळं गाव गवतावर गेलेलं. माझं वजन एकोणचाळीस किलो होतं. दारात उभा राहिलो तर ओलिवा चुलीशी, आणि जमिनीवर, पाठीवर वाहायच्या मोठ्या टोपलीत बसून एक बाळ पोलेंता खात होतं. सव्वा वर्षाचं असेल. त्यानं माझ्याकडे बघितलं आणि हातातला गोळा माझ्यापुढे धरला.

मी बोटं मोजली. जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर... एप्रिल. मी तुझ्या आईला तोंड उघडायलासुद्धा वेळ दिला नाही. "माझी!" म्हणालो आणि तिथंच जमिनीवर बसून हमसून हमसून रडलो. छावणीत एकदाही रडलो नव्हतो. ओलिवानं चुलीवरचं भांडं उतरवलं. मग म्हणाली, "आधी खाऊन घ्या."

दुसऱ्या दिवसापासून मी तुला खांद्यावर घेऊन घरोघर हिंडलो. पाय लटपटत होते, पण ऐकतो कोण! दुग्धशाळेत चीज करणाऱ्या टीटाला दाखवलं. म्हटलं, "नाक बघ. माझ्या आईचं नाक!" टीटानं हात पुसले, तुझं नाक धरून नीट बघितलं आणि म्हणाला, "तिचंच. बिचारी पोर, दुसरं काहीतरी घ्यायचं होतं." पाद्री चेल्सोंकडे गेलो. ते म्हणाले, "देवाची कृपा," आणि खोकल्याची उबळ आल्यासारखं तोंड फिरवून आत गेले. शेजारणी म्हणाल्या, हनुवटी तुझी, कान तुझे, हट्टी तर तुझ्याहून. सगळं गाव म्हणालं, हुबेहूब फियोरिंदो. माझी छाती फुगली होती, म्हणजे जेवढी उरली होती तेवढी.

अकरा दिवस असं चाललं. बाराव्या दिवशी आम्ही वरच्या उतारावर दुसऱ्या कापणीचं गवत गोळा करत होतो. तू छत्रीखाली झोपली होतीस. ओलिवानं दाताळं खाली ठेवलं आणि म्हणाली, "फियोरिंदो, ती तुमची नाही." मी काही बोलायच्या आत म्हणाली, "माझीही नाही."

पोरी, लिहिलं मी. साठ वर्षं होत आली आणि आज लिहिलं. थोडा वेळ थांब. मीही थांबतो.

ती काय म्हणाली ते तसंच सांगतो. मी इथं नव्हतो. चव्वेचाळीसच्या शरदात जर्मनांनी आपलं खोरं त्यांच्या बाजूनं लढणाऱ्या रशियन कोसाकांना देऊन टाकलं, हे तू शाळेतच ऐकलं आहेस. हजारो माणसं आली, गाड्या, घोडे, बायकापोरं, चार उंटसुद्धा. आपल्या लोकांना घरातून काढलं, नाहीतर घरात त्यांना घुसवलं. आपल्या घरी वरच्या खोलीत दुन्या नावाची बावीस-तेवीस वर्षांची विधवा आली, सोबत तिचा म्हातारा सासरा आणि सहा महिन्यांची मुलगी. पहिला महिना तुझी आई तिच्याशी एक शब्द बोलली नाही. त्यांच्या घोड्यांनी आपलं गवत खाल्लं होतं, ते तिनं एकटीनं कापलेलं. मग बाळ आजारी पडलं आणि ओलिवा वर गेली. त्यानंतर चूल एकच झाली. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती, तरी दिवसभर बडबड चालायची म्हणे. दुन्याला पोलेंता घोटताच येत नसे, जाळायची, आणि ओलिवा तिला ओरडायची.

पंचेचाळीसच्या मे महिन्याच्या सुरुवातीला जर्मन हरले आणि कोसाक निघाले, मोन्ते क्रोचेच्या खिंडीतून ऑस्ट्रियाकडे. मे महिना असून त्या दिवशी बर्फ पडायला लागलं. तुला ताप होता, छाती घरघरत होती. दुन्यानं तुला गाडीत ठेवलं, परत उतरवलं, पुन्हा ठेवलं. सासरा ओरडत होता. शेवटी ती स्वयंपाकघरात आली, तुला ओलिवाच्या हातात दिलं आणि बोटं दाखवली. आठ. आठ दिवस. मी येते. खूण म्हणून काही ठेवलं नाही, कारण परत येणार होती ना. ओलिवानं मान डोलावली. तू बर्फाच्या दिवशी मिळालीस म्हणून निवेस, बर्फाची.

ती आली नाही. खिंडीपलीकडे इंग्रजांनी त्या लोकांना रशियाच्या हवाली केलं, हे आम्हाला फार उशिरा कळलं. कित्येक नदीत बुडाले, बाकीचे कुठं गेले देव जाणे. ओलिवा आठ दिवस मोजत होती, मग आठ आठवडे. पुढं कित्येक वर्षं मे महिन्यात ती कारण नसताना दारात उभी राहायची. मी विचारत नसे.

आता तुला वाटेल, सव्वा वर्षाचं पोर जगवलं कसं? गावात जेमतेम नऊ गाई उरल्या होत्या. दुग्धशाळेत तर पाळी ठरलेली, आज सगळ्यांचं दूध एका घराचं, उद्या दुसऱ्याचं, ज्याची पाळी त्याचं चीज. त्या उन्हाळ्यात बायकांनी टीटाला बजावलं, पाळी कुणाचीही असो, पहिलं डावभर दूध निवेसचं. एकीनंही चुकवलं नाही. ज्यांची घरं कोसाकांनी बळकावली होती, ज्यांचं सगळं गवत गेलं होतं, त्या बायका होत्या या. मी आलो तेव्हा पाळीतलं दूध पिऊन तू लठ्ठ झाली होतीस आणि मी काडी.

मी त्या उतारावर ओलिवाला विचारलं, "गावाला माहीत आहे?"

"सगळ्यांना."

"टीटालाही? त्यानं तर नाक बघितलं!"

"तुमचं वजन एकोणचाळीस किलो होतं," ती म्हणाली. "कुणाची छाती होणार होती तुम्हाला नाही म्हणायची? मलाच झाली नाही."

मला राग आला होता, खोटं कशाला सांगू? सगळ्या गावानं मला येडा बनवलं असं वाटलं. मी तुझ्याकडे बघितलं. तू जागी होऊन छत्रीची काडी चावत होतीस आणि मला बघून दोन्ही हात वर केलेस, उचल म्हणून. अकरा दिवस उचलत होतो, बाराव्या दिवशी काय सांगायचं त्या हातांना? मी ओलिवाला म्हटलं, "मग आता काय करायचं?" ती आभाळाकडे बघून म्हणाली, "आता पाऊस येईल. पोरीला घ्या आणि गवत उचला." मी तुला एका हातावर घेतलं आणि गवत उचललं. आमच्यात या विषयावर एवढंच बोलणं झालं.

कागदपत्रं पाद्री चेल्सोंनी केली. नगरपालिकेत त्या वर्षांचा सगळा सावळा गोंधळ होता, त्याचा फायदा झाला. जन्मतारीख काय घालायची, त्यांनी विचारलं. दुन्याकडून ओलिवाला फक्त वसंत ऋतू एवढंच समजलं होतं. मग पाद्रीबाबांनी माझी रजा विचारली आणि बोटांवर महिने मोजले, अगदी मी मोजले तसेच. दहा एप्रिल. तुझा वाढदिवस माझ्या गवताच्या रजेवरून काढलेला आहे, बाळा. दरवर्षी केक कापताना मला ते आठवतं.

तुझ्या अठराव्या वर्षी सांगू म्हणालो. मग लग्नात. मग तुझी आई म्हणाली, ती विचारेल तेव्हा सांगू. तू कधी विचारलंच नाहीस, कारण माझ्या आईचं नाक तुला आहे असं सगळं गाव म्हणत होतं. आणि आता ते म्हणणारे सगळे गेले, एकटा मी उरलो. मी हे बरोबर घेऊन जाणार होतो. शपथेवर सांगतो, ब्रुनोचं पत्र आलं नसतं तर मी तोंड उघडलं नसतं.

एक गोष्ट आणखी आहे आणि ती मला झोपू देत नाही. ओलिवा सांगायची, एकदा दुन्या आपल्या आईबद्दल बोलत होती. आई तरुणपणीच गेली, एवढं हातवाऱ्यांवरून कळलं. कशानं, असं ओलिवानं विचारलं तर दुन्यानं मूठ छातीवर ठेवली, डाव्या बाजूला, आणि दाबली. ओलिवाला वाटलं, दुःखानं गेली, काळीज फुटलं. ती नेहमी तसंच सांगायची आणि डोळे पुसायची. मीही पन्नास वर्षं तसंच समजत होतो. ब्रुनोच्या पत्रात डावी बाजू वाचली आणि माझ्या हातून कप पडला. मला काही माहीत नाही, निवेस. असेलही दुःख. पण तुझ्या अंगात कुणाचं रक्त आहे आणि त्या रक्तात काय आहे, हे मला माहीत नाही, तुला नाही, कुणालाच नाही. माझं नाही एवढं नक्की. माझ्या एकशेचार वर्षांचा तुला काडीचा उपयोग नाही. मला ती द्यायला आवडली असती. हवी तेवढी घे म्हटलं असतं, मला आता करायची काय आहेत?

तू रागावशील. रागव. पत्र फाडलंस तरी चालेल, फक्त तारीख फाडू नकोस. ब्रुनोनं चार मार्चची वेळ पुन्हा घेतली आहे.

राग शांत झाल्यावर हेही वाच. मला या जन्मात जे जे मिळालं ते बहुतेक दुसऱ्याच्या वाट्याचं होतं. त्या खड्ड्यातल्या पाचजणांची वर्षं मी जगलो. गावाच्या पाळीतल्या दुधावर माझं घर भरलं. एका परक्या बाईनं बर्फात उभं राहून, काळीज घट्ट करून, आपलं मूल ठेवलं आणि मी, ज्यानं तिला कधी पाहिलंही नाही, तो बाप झालो. शेहेचाळिसाव्या वर्षी, मेल्यातच जमा असताना. लोक विचारतात एवढा कसा जगलास. निवेस, मी परत आलो तेव्हा जगायची मला फारशी इच्छा नव्हती. तू पोलेंताचा गोळा पुढे केलास आणि मला तो खावा लागला. तुझं फार देणं... नाही, देणं नको म्हणायला. तुझे आभार मानतो. बापानं मुलीचे आभार मानायची आपल्याकडे पद्धत नाही, पण एकशेचाराव्या वर्षी मला कोण अडवणार?

हलीना आली. दाराशी बूट झटकते आहे. डोळे पुसून घेतो, नाहीतर चौकशा करेल.

ब्रुनो लिहितो की नोव्हेंबरात दवाखान्यातल्या छापील कागदावर वडिलांचं वय आणि तब्येत विचारली होती, तिथं तू ऐटीत लिहिलंस, फियोरिंदो देरेआनी, एकशेतीन, ठणठणीत, आणि तो डॉक्टरसुद्धा ते वाचून निर्धास्त झाला. चार तारखेला गेलीस की आधी तो कागद मागून घे आणि ते खोड. तिथं लिही, माहीत नाही. आईच्या जागीही तेच लिही. जगात त्या एका रकान्यात मी तुझा कुणी नाही. बाकी सगळीकडे माझंच नाव राहू दे.

तुझा बाप,
फियोरिंदो देरेआनी